नेब्रास्का कॉर्नहस्कर्स : १९९७ चा हंगाम

अमेरिकेतील नेब्रास्का विद्यापीठाच्या फुटबॉल संघाचा, मुख्य प्रशिक्षक टॉम ऑसबर्न यांच्या हाताखालचा पंचविसावा आणि अखेरचा हंगाम. संघाने तेराच्या तेरा सामने जिंकले आणि राष्ट्रीय विजेतेपद मिशिगन विद्यापीठाबरोबर विभागून मिळवले. येथे फुटबॉल म्हणजे अंडाकृती चेंडू हातात घेऊन धावण्याचा अमेरिकन खेळ.

नेब्रास्का हे मक्याच्या शेतीचे राज्य. तिथे व्यावसायिक फुटबॉलचा संघ नाही, त्यामुळे सगळ्या राज्याचा जीव विद्यापीठाच्या संघात. लिंकन शहरातील मेमोरियल स्टेडियमवरच्या प्रत्येक सामन्याची सगळी तिकिटे १९६२ पासून विकली जात होती. सामन्याच्या दिवशी लाल कपड्यांतल्या माणसांनी भरलेले हे मैदान लोकसंख्येने राज्यातले तिसरे मोठे शहर ठरते, असे तिथले लोक अभिमानाने सांगतात. ऑसबर्न याच राज्यातल्या हेस्टिंग्जचे. १९७३ साली बॉब डेव्हनी यांच्याकडून त्यांनी संघ हाती घेतला. मितभाषी, मैदानाच्या कडेला उभे राहून आरडाओरडा न करणारा हा माणूस १९९७ पर्यंत दोन राष्ट्रीय विजेतेपदे (१९९४, १९९५) मिळवून बसला होता.

त्यांच्या संघाचा भर फेकीपेक्षा धावण्यावर. क्वार्टरबॅक (चढाईची सूत्रे हाती असलेला खेळाडू) चेंडू घेऊन कडेला पळतो आणि समोरचा बचावपटू काय करतो ते पाहून चेंडू स्वतःकडे ठेवतो किंवा शेजारून धावणाऱ्याकडे टाकतो. ही जबाबदारी स्कॉट फ्रॉस्टवर होती. तो नेब्रास्काचाच, पण आधी स्टॅनफर्डला गेलेला आणि मग परतलेला. गावकऱ्यांच्या मनातून ती अढी गेली नव्हती. सेंट्रल फ्लोरिडाविरुद्धच्या सामन्यात घरच्याच प्रेक्षकांनी त्याची हुर्यो उडवली. पुढच्याच आठवड्यात सिएटलला जाऊन संघाने वॉशिंग्टनला २७-१४ असे हरवले, तेव्हा ती कुजबुज थांबली. अहमन ग्रीन वर्षभरात १,८७७ यार्ड धावला. बचावाच्या फळीत ग्रँट विस्ट्रम आणि जेसन पीटर होते. १ नोव्हेंबरला ओक्लाहोमाचा ६९-७ असा फडशा पडला आणि ऑसबर्न यांचा तो २५०वा विजय ठरला.

८ नोव्हेंबरला कोलंबिया शहरात मिझुरीविरुद्ध मात्र हंगाम हातचा गेलाच होता. ३८-३१ ने मागे, एक मिनिट आणि दोन सेकंद शिल्लक, खेळ थांबवण्याची एकही संधी हाती नाही. फ्रॉस्टने संघाला १२ यार्डांपर्यंत आणले. उरले सात सेकंद. त्याने फेकलेला चेंडू गोलरेषेजवळ शेविन विगिन्सच्या अंगावर आदळून निसटला. पाठीवर कोसळता कोसळता विगिन्सचा पाय चेंडूला लागला, चेंडू पुन्हा हवेत उडाला आणि पहिल्या वर्षाच्या मॅट डेव्हिसनने सूर मारून तो जमिनीच्या जेमतेम वर दोन्ही हातांत धरला. आपण जिंकलो असे समजून मिझुरीचे प्रेक्षक मैदानात उतरू लागले होते. चेंडूला मुद्दाम लाथ मारणे नियमबाह्य आहे, पण पंचांनी तसे मानले नाही. जादा वेळेत नेब्रास्का ४५-३८ ने जिंकला.

महाविद्यालयीन सामन्यांत जादा वेळेचा नियम लागू होऊन जेमतेम एक वर्ष झाले होते. त्याआधी सामना बरोबरीत सुटू शकत असे. १९८४ च्या जानेवारीत मायामीतील ऑरेंज बोलमध्ये (हंगामाअखेर निवडक संघांत होणाऱ्या ‘बोल’ सामन्यांपैकी एक) ऑसबर्न यांच्यासमोर एक गुण घेऊन बरोबरी साधण्याचा सोपा मार्ग होता. त्या बरोबरीने विजेतेपदही जवळपास पदरात पडले असते. त्यांनी जिंकण्यासाठी दोन गुणांचा प्रयत्न केला आणि सामना ३१-३० ने गमावला. त्यांच्याबद्दलचा आदर आकड्यांपेक्षा त्या हरलेल्या सामन्यातून अधिक आला, असे प्रस्तुत लेखकाला वाटते.

मिझुरीच्या सामन्यानंतर, जिंकूनही, मतांवर ठरणाऱ्या राष्ट्रीय क्रमवारीत संघ पहिल्यावरून तिसऱ्या स्थानावर घसरला. पुढे तो दुसऱ्यावर आला आणि कोलोरॅडोला २७-२४ असे निसटते हरवून, ६ डिसेंबरला बिग ट्वेल्व्हच्या (नेब्रास्का ज्या विद्यापीठ-गटात खेळत होता त्याच्या) अंतिम सामन्यात टेक्सस ए अँड एमला ५४-१५ ने धूळ चारून त्याने ते स्थान टिकवले.

त्यानंतर चारच दिवसांनी, १० डिसेंबरला, ऑसबर्न यांनी निवृत्ती जाहीर केली. १९८५ मध्ये त्यांच्या हृदयाची शस्त्रक्रिया झाली होती आणि या नोव्हेंबरात हृदयाच्या अनियमित ठोक्यांमुळे त्यांना पुन्हा इस्पितळ गाठावे लागले. शिवाय सहायक फ्रँक सोलिच यांना, तुमच्यासाठी जागा मोकळी करीन, असा शब्द त्यांनी पूर्वीच दिला होता. त्यामुळे ज्याला निरोपाचा हंगाम म्हणतात त्यातला एकच सामना खेळाडूंनी निरोपाचा म्हणून खेळला.

तो सामना, म्हणजे ऑरेंज बोल, २ जानेवारी १९९८ रोजी मायामीत झाला. समोर टेनेसी आणि त्यांचा क्वार्टरबॅक पेटन मॅनिंगचा अखेरचा महाविद्यालयीन सामना. मध्यंतराला गुणफलक १४-३ होता. नंतर नेब्रास्काने चेंडू फेकण्याचा विचारच जवळपास सोडून दिला आणि धावून धावून टेनेसीला थकवले. ग्रीन २०६ यार्ड धावला, फ्रॉस्टने तीन टचडाऊन केले (चेंडू गोलरेषेपार नेऊन सहा गुण मिळवणे). निकाल ४२-१७.

आदल्या दिवशी मिशिगननेही रोझ बोल जिंकून १२-० असा हंगाम संपवला होता. दोघांची गाठ घालून देणारी व्यवस्था तेव्हा नव्हती, कारण रोझ बोल इतर बोल सामन्यांच्या करारात सामील नव्हता. निर्णय मतांवर आला. सामना संपताच फ्रॉस्टने मैदानातूनच मतदार प्रशिक्षकांना कळकळीचे आवाहन केले. क्रीडापत्रकारांनी मिशिगनला निवडले. प्रशिक्षकांच्या मतदानात मात्र नेब्रास्काला १,५२० आणि मिशिगनला १,५१६ गुण पडले. ही चार गुणांची आघाडी ऑसबर्न यांना सहकाऱ्यांनी दिलेली निरोपाची भेट होती, ही तक्रार मिशिगनकर आजही करतात. मतदारांच्या मनात तो निरोप नव्हताच असे म्हणणे कठीण आहे. पण टेनेसीसारख्या संघाला २५ गुणांनी हरवणे हा पुरावाही त्यांच्यासमोर होता.

ऑसबर्न यांची कारकीर्द २५५ विजय, ४९ पराभव आणि ३ बरोबरी अशी थांबली. अखेरच्या पाच हंगामांत ६० विजय व फक्त ३ पराभव. १९९८ मध्ये मेमोरियल स्टेडियममधील मैदानाला त्यांचे नाव देण्यात आले. पुढे ते अमेरिकी प्रतिनिधिगृहाचे सदस्य झाले. सोलिच यांनी सहा हंगाम संघ सांभाळला. २००३ मध्ये बारापैकी नऊ सामने जिंकूनही त्यांना काढण्यात आले. ज्याची घरच्यांनी हुर्यो उडवली होती तो फ्रॉस्ट २०१८ मध्ये मुख्य प्रशिक्षक म्हणून लिंकनला परतला, आणि २०२२ च्या हंगामातले तीन सामने झाल्यावर त्यालाही जावे लागले.