खिशातलं पिस्तूल आणि परवान्याची दोनशे वर्षं

अमेरिकेतल्या न्यूयॉर्क राज्यात आज शर्टाखाली पिस्तूल लपवून बाहेर पडायचं असेल तर १६ तास वर्गात बसावं लागतं, २ तास रेंजवर, म्हणजे नेमबाजीच्या मैदानावर, प्रत्यक्ष गोळ्या झाडाव्या लागतात, लेखी परीक्षेत किमान ८० टक्के मिळवावे लागतात आणि तुमच्या चारित्र्याची ग्वाही देणारी चार माणसं द्यावी लागतात. दक्षिणेची हद्द ओलांडून पेनसिल्व्हेनियात गेलं की परवाना लागतो, पण प्रशिक्षण एका तासाचंही नाही. न्यूयॉर्कच्या पूर्वेला लागून असलेल्या व्हरमाँटमध्ये तर परवान्याची सक्तीच नाही. तिथल्या सर्वोच्च न्यायालयाने १९०३ साली रटलंड शहराचा असा एक नियम रद्द केला आणि राज्याने पुढे कधी तो विषय काढला नाही. एकाच देशातली, एकाच राज्यघटनेखालची ही तीन शेजारी राज्यं.

हा फरक कुठून आला हे शोधत मागे गेलं की एक गोष्ट ठळकपणे दिसते. प्रशिक्षणाची अट आली ती अधिकाऱ्याची मर्जी गेली तेव्हा. आधी शेरीफ (काउंटीचा, म्हणजे जिल्ह्याचा, पोलीसप्रमुख) किंवा न्यायाधीश माणूस बघून ठरवायचा. त्याच्या हातून तो अधिकार काढून घेतल्यावर लोकांना काहीतरी हमी द्यायला हवी होती, म्हणून वर्ग आणि नेमबाजीची चाचणी आली. आणि गेल्या वीस-बावीस वर्षांत निम्म्याहून जास्त राज्यांनी ती हमीही सोडून दिली.

सुरुवातीला तर परवाना हा प्रकारच नव्हता, होती ती सरळ बंदी. केंटकी आणि लुइझियाना या राज्यांनी १८१३ मध्ये लपवून शस्त्र बाळगण्याविरुद्ध कायदे केले. त्या काळी कमरेला उघड पिस्तूल लावणारा माणूस बेधडक मानला जाई आणि कोटाखाली लपवणारा दगाबाज. केंटकीच्या न्यायालयाने १८२२ मध्ये तो कायदा घटनाबाह्य ठरवला, तेव्हा राज्याने १८५० च्या नव्या राज्यघटनेत लपवलेल्या शस्त्रांवर बंदी घालायचा अधिकार लिहूनच घेतला. जॉर्जियात १८४६ मध्ये न्यायालयाने मधला मार्ग काढला: उघड बाळगायला मुभा, लपवायला मनाई. टेक्सास म्हणजे बंदुकांचं राज्य अशी आपली समजूत असते. पण त्याच टेक्सासने १८७१ मध्ये पिस्तूल बाळगण्यावर बंदी घातली, आणि प्रवासी वगैरे थोडे अपवाद सोडले तर ती १९९५ पर्यंत टिकली.

परवान्याची आधुनिक पद्धत रूढ केली ती न्यूयॉर्कने. जानेवारी १९११ मध्ये मॅनहॅटनमधल्या ग्रॅमर्सी पार्कजवळ डेव्हिड ग्रॅहम फिलिप्स या नावाजलेल्या कादंबरीकारावर एका माणसाने गोळ्या झाडल्या आणि मग स्वतःलाही संपवलं. शहर हादरलं. टिमथी सलिव्हन या टॅमनी हॉलच्या, म्हणजे शहराच्या राजकारणावर पकड असलेल्या संघटनेच्या, पुढाऱ्याने मांडलेला कायदा त्याच वर्षी मंजूर झाला. पिस्तूल घरात ठेवायलाही परवाना लागू लागला. १९१३ च्या दुरुस्तीत एक अट घातली गेली, ती पुढे १०९ वर्षं गाजली: लपवून बाळगायचं असेल तर ‘सबळ कारण’ दाखवा. कारण सबळ आहे की नाही हे ठरवणार परवाना देणारा अधिकारी. या कायद्याखाली सुरुवातीलाच शिक्षा झालेल्यांत एक इटालियन मजूर होता. खंडणीखोर टोळीच्या भीतीने रिव्हॉल्व्हर बाळगत होतो असं त्याने सांगितलं, तरी त्याला वर्षभराची कैद झाली. स्थलांतरित मजुरांकडे त्या वेळचं शहर कोणत्या नजरेने पाहत होतं, ते यातून कळतं.

दक्षिणेत ही मर्जी आणखी उघडपणे चाले. फ्लोरिडाने १८९३ मध्ये परवान्याचा कायदा केला. त्यात ‘चांगलं नैतिक चारित्र्य’ आणि १०० डॉलरचा जामीन अशा अटी होत्या. त्या काळच्या शेतमजुराला १०० डॉलर कुठून आणायचे? १९४१ मध्ये फ्लोरिडाच्याच सर्वोच्च न्यायालयातले न्यायमूर्ती बफर्ड यांनी एका निकालात स्पष्ट लिहून ठेवलं की हा कायदा काळ्या मजुरांना निःशस्त्र करण्यासाठी केला होता आणि गोऱ्यांना लावायचा कधी हेतूच नव्हता. अलाबामातल्या माँटगोमेरीत ३० जानेवारी १९५६ रोजी मार्टिन ल्यूथर किंग यांच्या घरावर बॉम्ब टाकला गेला. काळ्यांना वेगळं बसवणाऱ्या बससेवेवरचा बहिष्कार ऐन भरात होता, घरात बायको आणि तान्ही मुलगी होती. किंग यांनी पिस्तुलाच्या परवान्यासाठी अर्ज केला. स्थानिक अधिकाऱ्यांनी तो नाकारला. घरावर बॉम्ब पडलेल्या माणसाकडे जर सबळ कारण नसेल तर ते कोणाकडे असायचं, हा प्रश्न मला आजही सुटलेला नाही. शस्त्रांच्या बाजूचे आणि विरोधातले, दोघांनीही या प्रसंगापाशी थोडं थांबलं पाहिजे.

१९२०-३० च्या दशकांत बऱ्याच राज्यांनी एकाच साच्यातले कायदे केले. पेनसिल्व्हेनियाचा १९३१ चा कायदा त्यातलाच. ‘योग्य व्यक्ती’ असेल आणि ‘जिवाला किंवा मालमत्तेला धोका असल्याचं वाजवी कारण’ असेल तर परवाना द्यावा, असा त्यांचा मजकूर. अर्जदाराला पिस्तूल चालवता येतं का, हे त्यात कोणीच विचारत नव्हतं. माणूस आपल्यातला आहे की नाही, एवढंच बघायचं.

या पद्धतीला तडे गेले ते शहरांतल्या वाढत्या गुन्हेगारीच्या दिवसांत. न्यूयॉर्कच्या बर्नहार्ड गेट्झला १९८१ मध्ये लुटारूंनी मारहाण केली. त्याने परवाना मागितला, तर गरज पुरेशी नाही म्हणून अर्ज फेटाळला गेला. त्याने बेकायदा रिव्हॉल्व्हर बाळगलं आणि २२ डिसेंबर १९८४ रोजी भुयारी रेल्वेत चार काळ्या तरुणांवर गोळ्या झाडल्या. त्यातल्या एकाला कायमचा अर्धांगवायू झाला. ज्युरीने गेट्झला खुनाच्या प्रयत्नातून सोडलं आणि विनापरवाना शस्त्राबद्दल दोषी ठरवलं. परवाना मिळाला असता तरी त्या दिवशी ते सगळं टळलं नसतं. उलट, कधी गोळी झाडायची आणि कधी नाही हे त्याला कोणी शिकवलेलंच नव्हतं. पण देशभर चर्चा झाली ती फक्त नाकारलेल्या अर्जाची.

वॉशिंग्टन, जॉर्जिया, इंडियाना या राज्यांनी अधिकाऱ्याची मर्जी आधीच कमी केली होती. खरा धक्का फ्लोरिडाने दिला. तिथे तोवर ६७ काउंट्यांचे ६७ नियम होते. मॅरियन हॅमर या शस्त्रहक्कांच्या कार्यकर्तीने वर्षानुवर्षं लावून धरलेला कायदा १९८७ मध्ये मंजूर झाला आणि १ ऑक्टोबरपासून राज्यभर एकच नियम आला: वय २१ पूर्ण, गुन्ह्याची नोंद नाही, बोटांचे ठसे दिले, प्रशिक्षणाचा दाखला जोडला, की परवाना द्यायलाच हवा. ‘शॅल इश्यू’ म्हणतात ते हेच. प्रशिक्षणाची व्याख्या मात्र फार ऐसपैस ठेवली. शिकारीचा सुरक्षा वर्ग चालेल, नॅशनल रायफल असोसिएशन या बंदूकधारकांच्या संघटनेचा वर्ग चालेल, लष्करातली नोकरी चालेल. किती तास, हे कायद्याने सांगितलंच नाही. आज तिथे हा परवाना शेती आणि ग्राहक खातं देतं, हे ऐकून आपल्याला नवल वाटतं, तिथल्या लोकांना नाही.

टेक्सासची गोष्ट याहून गडद आहे. १६ ऑक्टोबर १९९१ रोजी किलीन गावात लूबीज नावाच्या कॅफेटेरियात एकाने ट्रक घुसवला आणि जेवायला बसलेल्यांवर गोळीबार केला. २३ जण मारले गेले. सुझॅना ग्रेशिया हप या तिथे आईवडिलांबरोबर जेवत होत्या. त्यांचं रिव्हॉल्व्हर बाहेर गाडीत होतं, कारण जवळ बाळगणं बेकायदा होतं. आईवडील दोघंही त्यांच्या डोळ्यांदेखत गेले. हप यांनी पुढची वर्षं राज्याराज्यांत साक्ष देण्यात घालवली. राज्यपाल अॅन रिचर्ड्स यांनी १९९३ मध्ये यासंबंधीचं विधेयक नाकारलं; त्यांच्यानंतर आलेल्या जॉर्ज डब्ल्यू. बुश यांनी १९९५ मध्ये परवान्याच्या नव्या कायद्यावर सही केली.

या कायद्यात प्रशिक्षणाचा विचार खरोखर झाला होता. १० ते १५ तासांचा वर्ग, त्यात चार विषय: शस्त्रांचे आणि जीवघेण्या बळाचे कायदे, पिस्तुलाची सुरक्षित हाताळणी, भांडण हातघाईवर न आणता मिटवणं, आणि घरात मुलांच्या हाती लागणार नाही असं शस्त्र ठेवणं. तिसरा विषय मला सगळ्यांत मोलाचा वाटतो. गाडीला गाडी घासली, पार्किंगवरून शिवीगाळ झाली, अशा वेळी कंबरेचं पिस्तूल काढायचं नाही हे शिकवणारा दुसरा कोणताही वर्ग त्या माणसाच्या वाट्याला येत नाही. नंतर चाचणी. कागदावर छापलेली माणसाची काळी आकृती, ५० गोळ्या. ३ यार्डांवरून २०, ७ यार्डांवरून २०, १५ यार्डांवरून १०. प्रत्येक गोळीचे जास्तीत जास्त ५ गुण, एकूण २५०. १७५ मिळाले की पास. ३ यार्ड म्हणजे जेवणाच्या टेबलाच्या या टोकापासून त्या टोकापलीकडे थोडंसं. हलणारं काही नाही, अंधार नाही, मधे येणारा तिसरा माणूस नाही. बेताची चाचणी, पण त्या निमित्ताने निदान एक अनुभवी प्रशिक्षक त्या माणसाचा हात चापावर कसा जातो हे डोळ्यांनी पाहत होता. २०१३ मध्ये वर्ग ४ ते ६ तासांवर आला. १ सप्टेंबर २०२१ पासून बहुतेक प्रौढांना परवान्याचीच गरज उरली नाही. ज्याला हवा त्याने घ्यावा.

इतरत्रही प्रशिक्षण असंच पातळ होत गेलं. व्हर्जिनियात कित्येक वर्षं घरी बसून ऑनलाइन व्हिडिओ पाहून दाखला मिळे. २०२१ पासून प्रत्यक्ष हजेरी सक्तीची झाली. युटाच्या वर्गात एकही गोळी झाडावी लागत नाही, आणि तो परवाना बाहेरच्या राज्यांतल्या लोकांनाही मिळतो.

सगळ्यांत शेवटी वळलं इलिनॉय. डिसेंबर २०१२ मध्ये केंद्रीय अपील न्यायालयात न्यायमूर्ती पॉसनर यांनी तिथली संपूर्ण बंदी रद्द केली आणि नवा कायदा करायला १८० दिवस दिले. जुलै २०१३ मध्ये कायदा आला: १६ तास, ५, ७ आणि १० यार्डांवरून मिळून ३० गोळ्या, त्यातल्या ७० टक्के लागल्या पाहिजेत. मर्जी जाताना तिच्या जागी तास कसे येतात, याचं याहून स्वच्छ उदाहरण नाही.

दुसरीकडे अलास्काने २००३ मध्ये आणि अॅरिझोनाने २०१० मध्ये परवान्याची सक्तीच काढली. २०२४ पर्यंत अशा राज्यांची संख्या २९ झाली. शस्त्र बाळगणं हा घटनेने दिलेला हक्क, मग परवानगी कसली, हा त्यांचा युक्तिवाद. हक्काचं म्हणणं मला समजतं. पण मर्जीविरुद्धची लढाई न्याय्य होती म्हणून शिकण्याविरुद्धची लढाईही न्याय्य ठरत नाही. शेरीफ माणसाचा रंग बघत होता. प्रशिक्षक हात बघतो.

२३ जून २०२२ रोजी सर्वोच्च न्यायालयाने ‘ब्रुएन’ खटल्यात ६ विरुद्ध ३ अशा बहुमताने न्यूयॉर्कची ‘सबळ कारणा’ची अट रद्द केली. निकाल न्यायमूर्ती क्लॅरेन्स थॉमस यांनी लिहिला. त्यातली एक तळटीप वकिलांना पाठ असते: पूर्वेतिहासाची तपासणी आणि सुरक्षा वर्ग अशा ठरावीक अटी घालणाऱ्या राज्यांचे कायदे या निकालाने धोक्यात येत नाहीत, मात्र वाट पाहायला लावणारा वेळ किंवा शुल्क हक्कच हिरावून घेण्याइतकं वाढलं तर त्याला आव्हान देता येईल. न्यूयॉर्कने आठवडाभरात, १ जुलैला, नवा कायदा केला आणि तो १ सप्टेंबरला लागू झाला. वर सांगितलेले १८ तास त्यातलेच. कॅलिफोर्नियानेही २०२४ पासून १६ तास सक्तीचे केले. न्यूयॉर्क शहरात अर्जाचंच शुल्क ३४० डॉलर, वर ठशांचे आणि वर्गाचे पैसे वेगळे. ब्राँक्समध्ये रात्रपाळी करणाऱ्याला हा खर्च आणि दोन-तीन दिवसांची रजा परवडणार कशी? तास हवेत, पण ते फुकट किंवा नाममात्र दरात द्यायला राज्याला कोणी अडवलेलं नाही. नाहीतर फ्लोरिडाचे जुने १०० डॉलर दुसऱ्या दाराने परत येतात.

वर्ग-चाचणी राज्याची असली तरी पात्रतेचा तळ केंद्राने बांधला आहे. १९६८ च्या कायद्याने वर्षाहून अधिक शिक्षेच्या गुन्ह्यात दोषी ठरलेले, न्यायालयीन आदेशाने मनोरुग्णालयात दाखल केलेले, अमली पदार्थांचे व्यसनी अशांना बंदूक बाळगायला मनाई केली. १९९६ मध्ये घरगुती हिंसाचाराच्या किरकोळ गुन्ह्यांत दोषी ठरलेल्यांची भर पडली. १९९३ च्या ब्रेडी कायद्यातून आलेली, बंदूक विकत घेणाऱ्याच्या पूर्वेतिहासाची संगणकीय तपासणी नोव्हेंबर १९९८ पासून सुरू झाली.

१९९८ चाच आणखी एक बदल अमेरिकेतल्या मराठी मंडळींनी नीट लक्षात ठेवावा. एच-१बी किंवा विद्यार्थी व्हिसावर असलेल्यांना, शिकारीचा वैध परवाना वगैरे मोजके अपवाद सोडले तर, बंदूक किंवा काडतूस बाळगताच येत नाही. मित्रांबरोबर रेंजवर जाऊन भाड्याचं पिस्तूल हातात घेणंही यात येऊ शकतं. ग्रीन कार्ड मिळाल्यावर ही आडकाठी उरत नाही. राज्य कितीही मोकळं असलं तरी केंद्राचा हा नियम तसाच लागू असतो, आणि तो मोडला तर तुरुंगाबरोबर व्हिसावरही गदा येते.

राज्यांच्या सीमांचा प्रश्न अजून सुटलेला नाही. ऑक्टोबर २०१३ मध्ये पेनसिल्व्हेनियाचा परवाना असलेली फिलाडेल्फियाची एक तरुण आई न्यू जर्सीत वाहतुकीच्या किरकोळ कारणावरून अडवली गेली. आपल्याकडे पिस्तूल आहे हे तिने स्वतःहून पोलिसाला सांगितलं आणि परवाना पुढे केला. तो तिथे चालत नव्हता. तिच्यावर किमान तीन वर्षांच्या कैदेचं कलम लागलं. राज्यपाल क्रिस ख्रिस्ती यांनी २०१५ मध्ये माफी दिली तेव्हा ते प्रकरण पूर्ण मिटलं. एका तासाच्या वर्गातही हे तिला कोणीतरी सांगितलं असतं, पण पेनसिल्व्हेनियात तो तास नाही. सगळ्या राज्यांनी एकमेकांचे परवाने मानावेत असं विधेयक प्रतिनिधीगृहाने डिसेंबर २०१७ मध्ये २३१ विरुद्ध १९८ मतांनी मंजूर केलं, पण सेनेटमध्ये ते पुढे सरकलं नाही. त्यात अडचण तीच होती: शून्य तासांचा परवाना १६ तासांच्या राज्याने का मानावा? न्यू जर्सी आजही दुसऱ्या कोणत्याच राज्याचा परवाना मानत नाही.