सातबारा फेसबुककडे, पीक गेमवाल्याकडे

घरात एक जण ‘कॉम्प्युटरमधलं कळणारा’ असला की दिवाळीत फराळाच्या ताटाबरोबर त्याच्या हातात चार मोबाइलही येतात. आमच्या घरात तो मी. स्टोरेज भरलंय, आवाज येत नाही, व्हॉट्सॲपवरचे फोटो गेले, ही दुखणी मी चकली खाता खाता काढून देतो. पण एक वाक्य कानावर आलं की माझं डोकं फिरतं: “अरे, माझा गेम फेसबुकवर आहे ना, तेवढा परत काढून दे.”

फेसबुकवर तुमचा गेम नसतो. तुम्ही तो गेम खेळलात याची नोंद असते. गेम, म्हणजे तुमची लेव्हल, नाणी, शेत, तलवारी, जे काही कमावलं ते, गेम बनवणाऱ्या कंपनीच्या सर्व्हरवर असतं. याला एक अपवाद आहे, तो पुढे येईलच. पण ‘गेमची हिस्ट्री’ आणि ‘गेमची प्रगती’ एकच समजून लोक आठवडे वाया घालवतात, आणि मग एखादा यूट्यूबवाला ‘एका मिनिटात जुना गेम परत मिळवा’ म्हणून त्यांच्याकडून पासवर्ड काढून घेतो.

हिस्ट्रीबद्दल फार लिहीत नाही, ती बहुतेकांना सापडते. सेटिंग्जमध्ये ‘ॲप्स अँड वेबसाइट्स’ नावाची यादी असते. तिथे चालू जोडण्या दिसतात, मुदत संपलेल्या दिसतात आणि तुम्ही काढून टाकलेल्याही. तीन महिने एखाद्या ॲपकडे फिरकला नाहीत की ते आपोआप ‘मुदत संपलेली’मध्ये जातं. त्यात घाबरण्यासारखं काही नाही, पुन्हा लॉगिन केलं की जोडणी चालू. ॲक्टिव्हिटी लॉगमध्ये तुम्ही भिंतीवर टाकलेल्या जुन्या गेमच्या पोस्ट मिळतात. आणि सगळं एकदम हवं असेल तर स्वतःच्या माहितीची प्रत डाउनलोड करता येते.

ही प्रत मागताना दोन प्रकार विचारले जातात, एचटीएमएल आणि जेसन. डोळे मिटून एचटीएमएल घ्या, ती साध्या वेबपानासारखी उघडते. जेसन हे यंत्राने वाचायचं प्रकरण आहे. त्यात तारखेच्या जागी १२६२३०४००० असा आकडा दिसतो, जो १ जानेवारी २०१० ची पहाट साडेपाचची वेळ सांगतो. आणि मराठी मजकूर तर बघवत नाही. ‘शेतात ये रे’ एवढ्या साध्या वाक्याच्या जागी डोक्यावर तिरकी रेघ असलेल्या रोमन ‘ए’ अक्षरांची पलटण उभी असते. फाइल बिघडलेली नसते, त्यांची मराठी साठवायची पद्धतच तशी वेडीवाकडी आहे. तरीही कुणी ना कुणी जेसन घेतोच आणि “माझा डेटा करप्ट झाला” म्हणून मला फोन करतो.

तर ही झाली हिस्ट्री. तिला मी सातबारा म्हणतो, पण ते म्हणणंही जरा उदार आहे. सातबाऱ्यावर निदान पीकपाणी लिहिलेलं असतं. ॲप्सच्या या यादीत गेमचं नाव, जोडल्याची तारीख, एवढंच. तुम्ही चारशेव्या लेव्हलवर होतात की चौथ्या, ते त्यात कुठेच नाही. म्हणून “गेम गेला” म्हणणाऱ्याला “माहितीची प्रत डाउनलोड कर” हा सल्ला देणाऱ्यांचा मला मनापासून राग आहे. तो बिचारा दोन दिवस प्रत तयार व्हायची वाट बघतो, झिप फाइल उघडतो, आत गेमचं नाव सापडतं, हरखतो, आणि मग त्या नावावर कितीही वेळा क्लिक केलं तरी काहीच होत नाही.

आता प्रगती. इथे जरा बसून वाचा, कारण घोळ इथेच होतो.

गेममध्ये ‘फेसबुकने लॉगिन करा’ दाबलं की फेसबुक त्या गेमला तुमच्याबद्दल एक नंबर देतं. गेमवाला आपल्या वहीत त्या नंबरापुढे लेव्हल लिहितो, नाणी लिहितो. तुमचं नाव आणि फोटो निव्वळ शोभेचे असतात, ओळख पटते ती नंबरावरून. शिवाय २०१४ पासून नव्याने जोडलेल्या प्रत्येक ॲपला फेसबुक तुमचा वेगळा नंबर देतं. म्हणजे लूडोवाल्याकडे तुमचा एक नंबर, तीन पत्तीवाल्याकडे दुसरा, आणि हे दोन नंबर एकाच माणसाचे आहेत हे त्या दोघांना एकमेकांत ताडून कळू नये अशी ती व्यवस्था.

एवढं डोक्यात बसलं की पुढचं सगळं आपोआप सुटतं.

माझ्या आतेभावाने पासवर्ड विसरल्यावर सरळ दुसरं फेसबुक खातं उघडलं. तेच नाव, तोच गोव्याच्या किनाऱ्यावरचा गॉगलवाला फोटो, तेच मित्र. मग गेममध्ये लॉगिन केलं तर पहिली लेव्हल. “अरे पण मीच आहे ना!” हो बाबा, तूच आहेस. पण खातं नवं, म्हणून नंबर नवा, आणि नव्या नंबरापुढे वहीचं पान कोरं. त्याला गेम शोधायचाच नव्हता, त्याला जुनं खातं शोधायचं होतं. ते ज्या मोबाइल नंबरावर उघडलं होतं तो त्याने कधीच बंद केलेला. आपल्याकडे बंद झालेला नंबर ९० दिवसांनी दुसऱ्या कुणाला दिला जाऊ शकतो, त्यामुळे त्याचा ओटीपी आता कुठल्या अनोळखी माणसाच्या खिशात वाजत असेल देव जाणे. शेवटी जुन्या खात्याला जोडलेला एक विसरलेला ईमेल सापडला, त्यावरून खातं उघडलं, आणि मग गेममध्ये काहीही न करता सगळ्या लेव्हल जागच्या जागी. सगळी धडपड खात्यासाठी होती.

याच नंबराच्या हिशेबाने ‘काढून टाकणं’ आणि ‘मिटवणं’ यातला फरक कळतो. यादीतून गेम रिमूव्ह केला तर फक्त जोडणी तुटते. गेमवाल्याच्या वहीतलं पान तसंच राहतं आणि त्याच खात्याने पुन्हा लॉगिन केलंत की गेमवाल्याकडे तोच नंबर पोचतो. त्यामुळे चुकून रिमूव्ह दाबलं म्हणून रडत बसू नका. मात्र काढलेल्या ॲप्सच्या यादीत ‘आपला डेटा मिटवा’ अशी विनंती गेमवाल्याला पाठवायची सोय असते. ते बटण उगाच दाबून बघू नका. तिथे तुम्ही स्वतः होऊन पीक कापायला सांगताय.

खात्याचंही तसंच. डीॲक्टिव्हेट केलेलं खातं झोपलेलं असतं. त्या खात्याने एखाद्या गेममध्ये लॉगिन केलं तरी ते जागं होतं (अनेकांना हे माहीत नसतं, आणि “मी तर फेसबुक सोडलं होतं, नातेवाईक मला कसे दिसायला लागले” असा प्रश्न येतो). डिलीट केलेल्या खात्याला ३० दिवसांची मुदत असते, तेवढ्यात लॉगिन करून रद्द करता येतं. ती उलटली की तो नंबर गेला. वही गेमवाल्याकडे असेल, पण तुमचं पान उघडणारं कुणी उरत नाही.

आता मावशीची गोष्ट, कारण खरं नुकसान मी तिथे बघितलं. मिठाया जुळवायचा एक गेम, नाव घेत नाही. मावशी अकराशेच्या पुढे. नवा फोन आला. तिने गेम टाकला आणि “चालतो का बघू” म्हणून लॉगिन न करताच वीसेक मिनिटं खेळली. पाहुणी म्हणून खेळलेला गेम त्या फोनपुरता असतो, तो बारा लेव्हलपर्यंत गेला. मग तिने फेसबुक जोडलं. पडद्यावर एक चौकट आली, इंग्रजीत, दोन पर्याय: या फोनवरची प्रगती ठेवायची की साठवलेली? एका बाजूला १२, दुसऱ्या बाजूला ११ शे आणि काहीतरी. खाली निळं बटण. मावशीच्या जगात निळं बटण म्हणजे ‘पुढे चला’. तिने दाबलं. बारा लेव्हलची प्रगती अकराशेवर लिहिली गेली.

फेसबुकच्या यादीत तो गेम आजही आहे, जोडल्याच्या तारखेसकट. हिस्ट्री शाबूत, पीक साफ.

म्हणून माझा हट्ट असा: नव्या फोनवर गेम टाकला की पहिली चाल खेळायच्या आधी लॉगिन. आणि गेमवाल्याचं स्वतःचं ईमेलने उघडायचं खातं असेल, जसं कँडी क्रशवाल्या किंग कंपनीचं असतं, तर तेही उघडून ठेवा. फेसबुकवरच्या एका खिळ्याला सगळा संसार टांगू नये.

मावशीसाठी मी गेमवाल्याच्या मदत विभागाला लिहिलं. तेव्हा एक धडा मिळाला. “माझा गेम गेला, प्लीज परत द्या” याला उत्तर येतं ते छापील. सेटिंग्जमध्ये कुठेतरी बारीक अक्षरात प्लेअर आयडी असतो, तो द्यावा लागतो. साधारण कुठली लेव्हल, कधीपर्यंत खेळलात, जुना फोन कुठला, हे द्यावं लागतं. आणि कधी दहा रुपयेही खर्च केले असतील तर त्याची पावती सर्वांत भारी. गूगल प्लेच्या पावतीचा क्रमांक ‘जीपीए’ या अक्षरांनी सुरू होतो, जुन्या ईमेलमध्ये तेवढं शोधा. ही खरेदीची तिसरीच वही, तिचा फेसबुकशी काही संबंध नाही. मावशीने कधी एक पैसा खर्च केला नव्हता. आठ दिवसांनी उत्तर आलं, सोबत काही नाणी. लेव्हल आल्या नाहीत.

तो अपवाद सांगायचा राहिला: इन्स्टंट गेम्स. जे काही डाउनलोड न करता फेसबुकच्या आतच उघडतात ते. २०१६ मध्ये मेसेंजरमध्ये आले. यांची प्रगती फेसबुकच्याच साठ्यात ठेवायची सोय गेमवाल्याला असते, प्रत्येक खेळाडूमागे १ एमबीपर्यंत. तिथे ‘माझा गेम फेसबुकवर आहे’ हे वाक्य मी ऐकून घेतो. ‘फेसबुक गेमिंग’ नावाचं ॲप मात्र वेगळं. ते ऑक्टोबर २०२२ मध्ये बंद झालं, आणि त्याच्याबरोबर तुमचा लूडो गेलेला नाही.

आणि गेमच बंद झाला असेल तर? तर सातबारा हातात घेऊन बसायचं. फार्मव्हिल हा फेसबुकवरचा शेतीचा गेम जून २००९ मध्ये आला आणि ३१ डिसेंबर २०२० ला बंद झाला, कारण तो ब्राउझरमधल्या फ्लॅश नावाच्या सॉफ्टवेअरवर चालायचा आणि त्याच दिवशी ॲडोबीने फ्लॅशचा आधार काढला. तो बनवणाऱ्या झिंगा कंपनीने शेत इतर कुठे हलवून दिलं नाही. फार्मव्हिल २ हा वेगळा गेम, त्यात जुनं शेत शोधू नका. क्वचित उलटंही घडतं. पबजी मोबाइलवर सप्टेंबर २०२० मध्ये बंदी आली, जुलै २०२१ मध्ये त्याचीच भारतीय आवृत्ती, बीजीएमआय, आली, आणि तेव्हा जुन्या खात्यातला माल नव्यात आणायची वाट उघडली होती. ज्यांनी फेसबुक किंवा ट्विटरने लॉगिन केलेलं होतं त्यांना ती सोपी गेली, पाहुणे म्हणून खेळलेले बाहेर राहिले. ती वाट २०२१ च्या अखेरीस बंद झाली. आजही कुणीतरी “पबजीचे जुने कपडे कसे आणू” विचारतं आणि कुणीतरी त्याला एक लिंक देतं. लिंक उघडू नका.

गेल्या दिवाळीत ऑफिसमधल्या एका जुन्या मित्राने फार्मव्हिल परत मागितला. वरचं सगळं व्याख्यान ऐकवलं, आणि तरी त्याची माहितीची प्रत उतरवून दिली, एचटीएमएलमध्ये. गेमच्या यादीत एक ओळ. पण फोटोंच्या फोल्डरमध्ये त्याने स्वतः टाकलेला एक स्क्रीनशॉट निघाला: स्ट्रॉबेरीच्या चौकोनी वाफ्यांच्या रांगा, अर्ध्या वाळलेल्या. स्ट्रॉबेरी चार तासांत तयार व्हायची, आणि त्या दिवशी मीटिंग लांबली होती, हे त्याला अजून आठवत होतं. खाली मराठीत माझीच कमेंट होती: “पाणी तरी घाल.” फार्मव्हिलमध्ये पाणी घालावंच लागायचं नाही, हे तेव्हा मला माहीत नव्हतं.