गार्बोचा पहिला चित्रपट कोणता?

मूळची स्वीडिश हॉलिवूड तारका ग्रेटा गार्बो हिच्याबद्दल एक गोष्ट वर्षानुवर्षे फिरते: टोप्या विकणारी पोरगी, मॉरिट्झ स्टिलर या दिग्दर्शकाची नजर पडली आणि १९२४ च्या ‘यॉस्टा बेर्लिंग’मधून ती थेट पडद्यावर आली. ऐकायला झकास, पण मधली चार वर्षं गायब!

ग्रेटा गुस्ताफसन, म्हणजेच पुढची गार्बो, शाळा सोडल्यावर आधी स्टॉकहोममधल्या न्हाव्याच्या दुकानात गिऱ्हाइकांच्या गालांना साबणाचा फेस लावायची. १९२० मध्ये ती ‘पब’मध्ये लागली. दारूशी संबंध नाही, हे मोठं दुकान. नाव मालकाच्या आद्याक्षरांवरून. टोप्यांच्या कॅटलॉगसाठी तिचे फोटो निघाले, आणि दुकानाच्या जाहिरातपटात तिने कपडे कसे घालू नयेत ते दाखवलं. म्हणजे पुढे जिच्या पेहरावाची जगाने नक्कल केली, तिचं पडद्यावरचं पहिलं काम बावळट दिसण्याचं! मग एका बेकरीच्या जाहिरातीत केक खाल्ले. १९२२ मध्ये ‘लुफार-पेट्टर’ हा विनोदी मूकपट आला, त्यात ती पोहण्याच्या पोशाखात बागडते.

त्याच वर्षी ती रॉयल ड्रामॅटिक थिएटरच्या अभिनयशाळेत शिरली. स्टिलरला ती भेटली ती तिथली विद्यार्थिनी म्हणून, दुकानातली विक्रेती म्हणून नव्हे.