हिंगणघाटची कबर आणि चौथी मिती

वास्तवाच्या अनेक मितींचा नकाशा काढायला निघालेला एखादा गुप्त प्रकल्प विज्ञानकथांत वारंवार भेटतो. तिथे मिती म्हणजे बहुधा दुसरं जग असतं, दार उघडलं की पलीकडे लागणारं. गणितात मात्र मिती म्हणजे दिशा. लांबी, रुंदी आणि उंची या तिन्हींशी काटकोन करणारी चौथी दिशा मानली, तर तिच्याकडे बोटही दाखवता येत नाही. मग तिचा नकाशा काढायचा कसा? एकोणिसाव्या शतकात एका कुटुंबाने हा प्रश्न खरोखर हाती घेतला, आणि त्या कुटुंबाचा एक धागा विदर्भापर्यंत येतो.

वर्धा जिल्ह्यातल्या हिंगणघाटला विल्यम लॅम्टन यांची कबर आहे. 1802 मध्ये मद्रासपासून त्यांनी भारताची त्रिकोणमितीय मोजणी सुरू केली आणि 1823 मध्ये, काम अर्धवट असतानाच, हिंगणघाटला त्यांचा मृत्यू झाला. ती मोजणी पुढे नेली त्यांचे साहाय्यक जॉर्ज एव्हरेस्ट यांनी. एक पायारेषा काटेकोर मोजायची आणि मग कोनांवरून त्रिकोणामागून त्रिकोण जोडत जायचं, ही त्यांची रीत. जिथे मोजमापाची साखळी पोचत नाही, तिथलं अंतरही अशा मोजणीत हाती लागतं.

एव्हरेस्ट यांची पुतणी मेरी हिचं लग्न गणिती जॉर्ज बूल यांच्याशी झालं. बूल 1864 मध्ये वारले तेव्हा पदरी पाच मुली होत्या. तिसरी, ॲलिशिया, तेव्हा चार वर्षांची होती. थोरलीने पुढे चार्ल्स हॉवर्ड हिंटनशी लग्न केलं, आणि तो या घरात लाकडी ठोकळे घेऊन आला.

चौथ्या मितीचं गणित तेव्हा नवं नव्हतं. रीमान यांनी 1854 मध्ये ग्योटिंगेनच्या व्याख्यानात कितीही मितींच्या अवकाशाचा पाया घातला होता. हिंटनला मात्र ती मिती डोळ्यांपुढे आणायची होती. एक इंच बाजूचे ठोकळे रचून केलेला एक घनयार्ड त्याने मनात साठवला होता. म्हणजे 46,656 ठोकळे, आणि प्रत्येकाला लॅटिन नाव! पुढे त्याने 81 रंगीत ठोकळ्यांचा संच सुचवला. चार मितींतल्या घनासाठी 'टेसरॅक्ट' हा शब्दही त्याचाच, 1888 च्या पुस्तकातला. त्याचं आयुष्य विस्कटलेलं होतं. 1886 मध्ये एक पत्नी असताना दुसरं लग्न केल्याबद्दल त्याला शिक्षा झाली आणि पुढे त्याने इंग्लंड सोडलं. ठोकळ्यांवरची श्रद्धा मात्र शेवटपर्यंत टिकली.

माझ्या मते या घरातलं खरं मोठं काम ॲलिशियाचं आहे. विद्यापीठाचं शिक्षण तिला मिळालं नव्हतं. ठोकळ्यांशी खेळता खेळता तिला एक वाट दिसली: छेद घेत जाण्याची. एखादा घन कोपऱ्याकडून पाण्यात हळूहळू बुडवला, तर पाण्याच्या पातळीवर आधी ठिपका दिसेल, मग वाढणारा त्रिकोण, मध्यावर षटकोन, पुन्हा त्रिकोण आणि ठिपका. पाण्यावरच्या एखाद्या सपाट किड्याला घन कधीच दिसणार नाही, पण ही मालिका दिसेल. टेसरॅक्ट तसाच आपल्या अवकाशातून कोपऱ्याकडून सरकला, तर ठिपक्यानंतर चतुष्फलक (चार त्रिकोणी पृष्ठांची घनाकृती) दिसेल, मग त्याचे कोपरे छाटले जातील आणि बरोबर मध्यावर आठ त्रिकोणी पृष्ठांचा अष्टफलक येईल. नंतर हेच सगळं उलट क्रमाने. म्हणजे न दिसणाऱ्या वस्तूचा, पण दिसणाऱ्या आकृत्यांनी बनलेला नकाशा.

आपल्या अवकाशात नियमित, म्हणजे सगळी पृष्ठं आणि कोपरे एकसारखे असलेल्या, घनाकृती पाचच आहेत. चार मितींत त्या सहा असतात हे ॲलिशियाने स्वतःच्या बळावर शोधलं. स्वित्झर्लंडच्या श्लेफ्ली यांनी ते आधीच सिद्ध केलं होतं, पण त्यांचं लेखन पूर्ण छापलं गेलं 1901 मध्ये. या सहांतल्या एका आकृतीत 600 चतुष्फलक आहेत. तिचेही छेद ॲलिशियाने पुठ्ठा कापून, चिकटवून उभे केले.

1890 मध्ये तिचं लग्न झालं, दोन मुलं झाली, संसार ओढाताणीचा होता. मग नेदरलँड्सचे गणिती पीटर स्काउट यांनी काढलेले अशाच छेदांचे निष्कर्ष तिच्या नजरेस आणले गेले. तिने आपल्या प्रतिकृतींची छायाचित्रं त्यांना पाठवली, आणि उत्तरादाखल स्काउट भेटीला येण्यास निघाले. पुढची जवळजवळ वीस वर्षं दोघांनी एकत्र काम केलं. 1914 मध्ये ग्रोनिंगन विद्यापीठाने तिला सन्मान्य डॉक्टरेट दिली. स्काउट त्याच्या आदल्या वर्षीच गेले होते.

दरम्यान ही कल्पना भौतिकीत शिरली. 1908 मध्ये मिंकोव्स्की यांनी काळ हीच चौथी मिती धरली. 1921 मध्ये कालुझा यांनी पाचवी सुचवली आणि 1926 मध्ये क्लाइन यांनी ती अतिसूक्ष्म वेटोळ्यात गुंडाळलेली मानली, म्हणूनच ती दिसत नाही. 1957 मधली एव्हरेट यांची अनेक विश्वांची मांडणी याहून अगदी वेगळी. त्यात नवी दिशा नाही, पुंज यांत्रिकीतल्या (क्वांटम मेकॅनिक्समधल्या) शक्यतांच्या फांद्या आहेत. कथांमधल्या प्रकल्पांत या दोन्ही गोष्टी एकत्र कालवल्या जातात, आणि मग नेमका कशाचा नकाशा चालला आहे हे वाचकाला कळेनासं होतं.

ॲलिशियाचं काम 1914 नंतर बरंच मागे पडलं. 1930 च्या सुमारास तिचा भाचा, भौतिकशास्त्रज्ञ जी. आय. टेलर, याने तिची कॉक्सेटर या तरुण भूमितीतज्ज्ञाशी ओळख करून दिली. ती सत्तरीची, तो विशीतला. दोघं पुन्हा छेद काढायला बसले.