धरणातल्या मासेमारीचा ठेका : पात्रता, कागदपत्रे आणि पाटबंधारे खात्याची ना हरकत

ठेका मिळतो तो मासळीचा. पाणी पाटबंधारे खात्याचेच, म्हणजे जलसंपदा विभागाचेच राहते. धरणावरची निम्मी भांडणे हे लक्षात न घेतल्यामुळे होतात. भिंत, सांडवा, दरवाजे आणि पाणी सोडण्याचे वेळापत्रक जलसंपदा विभागाकडे असते, तर मासेमारीचा हक्क ठेक्याने देणे हे मत्स्यव्यवसाय विभागाचे काम. महाराष्ट्र पाटबंधारे अधिनियम, १९७६ मध्ये कालव्याच्या व्याख्येत जलाशयही मोडतो. त्यामुळे प्रवाहाला अडथळा आणल्याचा ठपका सांडव्यावर जाळी ठोकणाऱ्या संस्थेवरही येऊ शकतो.

अर्ज कोणी करायचा? पहिला मान स्थानिक नोंदणीकृत मच्छीमार सहकारी संस्थेचा. तिचे सभासद क्रियाशील, म्हणजे खरोखर जाळे टाकणारे असावे लागतात. संस्था पुढे आली नाही तर निविदा निघते. अर्ज जिल्ह्याच्या सहायक आयुक्त, मत्स्यव्यवसाय यांच्याकडे करायचा. पण त्याआधी तलाव कोणाच्या मालकीचा ते पाहा. लहान तलाव जिल्हा परिषदेचा किंवा ग्रामपंचायतीचा असू शकतो. पेसा (आदिवासी भागांतला पंचायत विस्तार कायदा) क्षेत्रात ग्रामसभेला डावलता येत नाही, आणि वनहक्क कायदा, २००६ मधल्या सामूहिक हक्कांत पाणवठ्यातली मासळीही येते.

कागदपत्रे नेहमीचीच : नोंदणी प्रमाणपत्र, उपविधी, लेखापरीक्षण अहवाल, क्रियाशील सभासदांची यादी, ठराव, पॅन, बँक खाते आणि जुनी थकबाकी नसल्याचा दाखला. अडते ते बहुधा लेखापरीक्षण. ते वेळेत करून घ्या.

आता पाण्याचे. आवर्तन, म्हणजे कालव्यातून पाणी सोडण्याची पाळी, कधी आणि किती, हे कालवा सल्लागार समितीत ठरते. तिथे ऊस, कांदा, पिण्याचे पाणी यांची चर्चा होते. बोटुकली (बोटभर आकाराची मत्स्यपिल्ले) कधी सोडली, हे सहसा कोणी विचारत नाही. करारनाम्यातही पाणी सोडल्याने झालेल्या नुकसानीची भरपाई मिळणार नाही, अशा अर्थाची अट बहुधा असते. ती सही करण्याआधी वाचा. उजनीचा एकूण साठा सुमारे ११७ टीएमसी (अब्ज घनफूट) आणि त्यातला निम्म्याहून अधिक मृतसाठा, म्हणून उन्हाळ्यात धरण ‘मायनस’मध्ये गेले, म्हणजे उपयुक्त साठा संपला, तरी मासळीला थारा राहतो. लघू पाटबंधारे तलावात अशी सोय नसते. दोन उन्हाळी आवर्तने झाली की कटला, रोहू चिखलात. म्हणून मागच्या काही वर्षांच्या एप्रिल-मेमधल्या पाणीपातळीच्या नोंदी पाटबंधारे उपविभागाच्या कार्यालयातून मागून घ्या. दिल्या नाहीत तर माहितीच्या अधिकारात अर्ज टाका. ठेक्याची बोली त्या आकड्यांवरून ठरवावी, पावसाळ्यात भरलेले धरण पाहून नव्हे.

पिंजरा पद्धतीला, म्हणजे धरणात तरंगत्या जाळीच्या पिंजऱ्यात मासे वाढवायला, जलसंपदा विभागाची ना हरकत वेगळी लागते. अर्जासोबत प्रकल्प अहवाल आणि पिंजऱ्यांची जागा दाखवणारा नकाशा जोडा. नकाशात भिंत, सांडवा आणि विमोचकापासूनचे (पाणी सोडण्याच्या दारापासूनचे) अंतर स्पष्ट दाखवा. कार्यकारी अभियंता पहिल्यांदा तेच बघतात. दोर भिंतीच्या पिचिंगला (दगडी अस्तराला) बांधू, असे चुकूनही लिहू नका. पिंजरा साधारण चार मीटर खोल असतो आणि त्याखाली मोकळे पाणी लागते, तेही भर उन्हाळ्यात. याच धरणातून गावाला पिण्याचे पाणी जात असेल तर खाद्याच्या अवशेषांवरून हरकत येणारच, तेव्हा त्याचे उत्तर अहवालातच असू द्या. पंतप्रधान मत्स्यसंपदा योजनेत सर्वसाधारण गटाला ४० टक्के आणि महिला, अनुसूचित जाती-जमातींना ६० टक्के अनुदान ठेवलेले आहे. नव्या अर्जाची खिडकी उघडी आहे का, ते जिल्हा कार्यालयात विचारा. मात्र ना हरकत हाती येईपर्यंत पिंजऱ्याची ऑर्डर देऊ नका.

पाणी ओसरले की उघड्या पडलेल्या जमिनीवर गाळपेर, म्हणजे गाळातली शेती, सुरू होते. तिचा भाडेपट्टा पाटबंधारे खाते देते आणि फवारणीचे औषध थेट मासळीच्या पाण्यात उतरते. मासे मेले तर त्याच दिवशी पंचनामा करून घ्या, पाण्याचा नमुना ठेवा, आणि तक्रारीची एक प्रत मत्स्यव्यवसाय विभागाला, दुसरी पाटबंधारे उपविभागाला द्या. दोन्हींवर पोच घ्या.