वाद्यनिर्मितीतील संशोधन व विकास

वाद्ये आणि ध्वनिसाधने बनवणाऱ्या कारखान्यात नव्या वाद्याची कल्पना करणे, नमुना घडवणे, तो यंत्राने व कानाने तपासणे आणि मग उत्पादनात आणणे, या कामांची लावलेली घडी. मोजमापात उतरलेले वाद्य वादक एका थापेत नापास करू शकतो. म्हणून वादकाला या कामात कुठे बसवायचे, हा इथला पहिला प्रश्न असतो. तयार मालावर अभिप्राय द्यायला त्याला शेवटी बोलावणारे कारखाने बरेच, पण तेव्हा बदलण्यासारखे फारसे उरलेले नसते.

या कामाची सुरुवात बहुधा दुरुस्तीच्या बाकावर होते. जपानमधील हामामात्सु येथे तोराकुसु यामाहा यांनी १८८७ मध्ये एका शाळेतला बिघडलेला रीड ऑर्गन दुरुस्त केला. त्यातूनच स्वतःचा ऑर्गन बनवण्याचा खटाटोप सुरू झाला आणि पुढे यामाहा कंपनी उभी राहिली. कोकणी माणसाला ही गोष्ट परकी वाटू नये. भजनातली पेटीही पितळी सुरांवरच, म्हणजे हवेने थरथरणाऱ्या पितळी जिभांवरच, वाजते आणि ती उघडून बसलेला कारागीर गावोगाव ओळखीचा असतो.

कोकण किनारा ही अशा वाद्यांची कठोर परीक्षा आहे. पावसाळ्यात हवेतील सापेक्ष आर्द्रता अनेकदा ९० टक्क्यांच्या आसपास राहते. अशा हवेत फार काळ राहिलेले लाकूड आपल्या कोरड्या वजनाच्या सुमारे एक पंचमांश पाणी धरते. ५० टक्के आर्द्रतेत हेच प्रमाण ९ टक्क्यांच्या जवळपास असते. लाकूड रेषांना आडवे फुगते, लांबीत जवळजवळ नाही. म्हणून पट्ट्या एकमेकींना घासतात, फळीचा सांधा हलला की हवा गळते आणि भाता मारून हात दुखतो. खारट वाऱ्याने सुरांवर गंज धरतो तो वेगळाच. पखवाजाची पुडी सैल पडून सूर उतरतो. आणि नेमक्या याच दिवसांत, गणपतीच्या तोंडावर, सगळ्यांना पेटी दुरुस्त करून हवी असते!

कारागिराच्या हातात शास्त्र असतेच. सूर चढवायचा तर तो पितळी जिभेचे टोक खरवडतो, उतरवायचा तर मूळ. टोकाचे वजन कमी झाले की कंपने वाढतात, मुळाचा ताठरपणा कमी झाला की घटतात. तबला-पखवाजाच्या पुडीवरील काळ्या शाईमागचे शास्त्र सी. व्ही. रामन यांनी १९२० च्या सुमारास मांडले. शाईच्या भारामुळे कातड्याचे उपस्वर मूळ स्वराच्या पटीत येतात, हे त्यांनी दाखवले. शाई घोटणाऱ्यांच्या बोटांना ते आधीपासून ठाऊक होते. कागदावर मात्र नव्हते. छोट्या कारखान्याची खरी उणीव इथेच आहे. कोणत्या पेटीला कोणते लाकूड, ते किती महिने वाळवले, कोणता सूर कोणत्या महिन्यात चिकटला, हे उस्तादाच्या डोक्यात राहते आणि त्याच्याबरोबर जाते. या ज्ञानाला जोड देणाऱ्या संस्था दूर नाहीत. दापोलीच्या कृषी विद्यापीठात वनशास्त्र शिकवले जाते, लोणेऱ्याला तंत्रशास्त्र विद्यापीठ आहे. पण त्यांची प्रयोगशाळा आणि पेटीवाल्याचा बाक यांची गाठ आपोआप पडत नाही.

बाहेरचे ज्ञान आत घेण्यासाठी ते समजणारा माणूस आत असावा लागतो. स्टॅनफर्ड विद्यापीठातील जॉन चाउनिंग यांनी १९६७ मध्ये एफएम पद्धतीने, म्हणजे एका कंपनाने दुसऱ्याची कंपनसंख्या झुलवून, नाद घडवण्याची युक्ती शोधली. अमेरिकेतल्या ऑर्गन कंपन्यांना तिच्यात रस वाटला नाही. यामाहाच्या अभियंत्याने मात्र तिचे मोल चटकन ओळखले. परवाना घेऊनही ती सर्वदूर पोहोचवणारा डीएक्स ७ हा सिंथेसायझर बाजारात यायला १९८३ साल उजाडले. दरवर्षी नफ्याचा हिशेब मागणाऱ्या विभागात असे काम तग धरत नाही.

इलेक्ट्रॉनिक वाद्य काही वर्षांत जुने होते. लाकडी वाद्य मुरायलाच तेवढी वर्षे घेते. दोन्हींना एकाच वर्षाचे उद्दिष्ट लावले की बळी लाकडाचा जातो. लाकूड लवकर मुरवण्याचे उपायही संशोधनातूनच निघाले आहेत. यामाहाच्या ए.आर.ई. प्रक्रियेत तापमान, आर्द्रता व दाब नियंत्रित करून लाकडाला जुनेपणाचे गुण आणले जातात.

एवढी यंत्रसामग्री नसलेल्या कोकणातल्या कारखान्याला पावसाळ्याच्या रूपाने चाचणीची दमट कोठडी फुकट मिळालेली आहे, फक्त ती वर्षातून एकदाच उघडते. नव्या सांध्याची किंवा नव्या रोगणाची पेटी ज्येष्ठात माजघरात ठेवायची, दर आठवड्याला वाजवून सूर आणि हवेची गळती वहीत टिपायची, भाद्रपदात उघडून पाहायची. एका बदलाला एक वर्ष लागते. तोवर गिऱ्हाइकाला जुन्या पद्धतीचीच पेटी द्यावी.