पेटंट: शोधांना बळ की वळण?

1839 साली फ्रान्सच्या सरकारने एक शोध विकत घेतला. चांदीचा मुलामा दिलेल्या तांब्याच्या पत्र्यावर प्रकाशाने चित्र उमटवण्याची रीत लुई दागेर या चित्रकाराने बसवली होती. सरकारने त्याला वर्षाला 6000 फ्रँकचं तहहयात पेन्शन दिलं, त्याचा दिवंगत भागीदार निएप्स याच्या मुलाला 4000 फ्रँकचं दिलं, आणि 19 ऑगस्टला पॅरिसमध्ये विज्ञान अकादमीच्या सभेत सगळी कृती जाहीर करून टाकली. आता ती कुणीही वापरावी आणि कुणीही सुधारावी. पुढच्याच वर्षी व्हिएन्नात योझेफ पेत्सवाल या गणितज्ञाने जास्त प्रकाश आत घेणारं भिंग तयार केलं आणि माणसाचं छायाचित्र काढायला लागणारा वेळ एकदम कमी झाला.

या औदार्यातून एक देश मात्र वगळला गेला. पॅरिसच्या सभेच्या पाच दिवस आधी दागेरच्या शोधाचं इंग्लंडमध्ये पेटंट घेतलं गेलं होतं. जे बाकी जगाला फुकट मिळालं त्यासाठी इंग्लंडमधल्या छायाचित्रकाराला परवाना विकत घ्यावा लागे. त्याच इंग्लंडमध्ये हेन्री फॉक्स टॅल्बट कागदावर निगेटिव्ह तयार करून तिच्यावरून हव्या तेवढ्या प्रती काढण्याचं तंत्र विकसित करत होता. दागेरच्या पत्र्याची दुसरी प्रत निघत नसे, त्यामुळे कल्पना म्हणून टॅल्बटचं तंत्र कितीतरी पुढचं होतं. पुढची दीडशे वर्षं छायाचित्रण त्याच तत्त्वावर चाललं. टॅल्बटने 1841 मध्ये त्याचं पेटंट घेतलं. हे पेटंट स्कॉटलंडला लागू नव्हतं. तिथे एडिंबरामध्ये डेव्हिड हिल हा चित्रकार आणि रॉबर्ट अॅडमसन हा तरुण तंत्रज्ञ यांनी 1843 पासून त्याच तंत्राने कोळिणींपासून धर्मगुरूंपर्यंत सगळ्यांची छायाचित्रं काढली. छायाचित्रणाच्या इतिहासात ती आजही पहिल्या रांगेत आहेत.

या कथेत आणखी एक माणूस आहे आणि त्याला वगळून पेटंटबद्दल बोलणं मला अप्रामाणिक वाटतं. 1851 मध्ये फ्रेडरिक स्कॉट आर्चर याने काचेवर कलोडियन या चिकट द्रावणाचा थर देऊन निगेटिव्ह घेण्याची रीत प्रसिद्ध केली. दागेरची स्पष्टता आणि टॅल्बटच्या प्रती, दोन्ही तिच्यात एकत्र आले. आर्चरने पेटंट घेतलं नाही. टॅल्बटचं म्हणणं असं की ही रीतही माझ्याच पेटंटखाली येते. 1854 च्या खटल्यात ज्यूरीने टॅल्बटच्या तंत्राचा जनक टॅल्बटच असल्याचं मान्य केलं, पण कलोडियन वापरणाऱ्या लारोश नावाच्या छायाचित्रकाराने पेटंटचा भंग केलेला नाही, असा निकाल दिला. टॅल्बटने पेटंटची मुदत वाढवून घेण्याचा नाद सोडला. आर्चरचं तंत्र जगभर पसरलं आणि पुढची जवळजवळ तीस वर्षं त्याचंच राज्य होतं. आर्चर स्वतः 1857 मध्ये कफल्लक अवस्थेत वारला; त्याच्या कुटुंबासाठी वर्गणी गोळा करावी लागली.

आर्चरसारख्या माणसाला आपल्या श्रमाचं मोल मिळावं, हेच पेटंटचं मूळ प्रयोजन. व्हेनिसने 1474 मध्ये नवं यंत्र बनवणाऱ्याला दहा वर्षांचं संरक्षण देणारा कायदा केला. इंग्लंडने 1624 मध्ये राजाच्या मर्जीतल्या मक्तेदाऱ्या मोडीत काढताना नव्या शोधांना तेवढी 14 वर्षांची सवलत ठेवली. आज जागतिक व्यापार संघटनेच्या सदस्य देशांना अर्जाच्या तारखेपासून किमान 20 वर्षांचं संरक्षण द्यावं लागतं.

अर्थशास्त्राच्या नजरेतून पाहिलं तर अडचण ज्ञानाच्या स्वभावातच आहे. एकाने वापरलं म्हणून ज्ञान दुसऱ्याला कमी पडत नाही. ते शोधायला खर्च अफाट, नक्कल करायला मात्र नाममात्र. बाजारात स्पर्धा असेल तर किंमत नकलेच्या खर्चापर्यंत घसरते, मूळ शोधकाचा खर्च निघत नाही, आणि हे आधीच ठाऊक असलेला माणूस त्या वाटेला जातच नाही. अर्थतज्ज्ञ केनेथ अॅरो यांनी 1962 मध्ये आणखी एक पेच दाखवला. कल्पना विकायची तर ती गिऱ्हाइकाला सांगावी लागते, आणि एकदा सांगितली की ती विकत घेण्याचं त्याला कारण उरत नाही. पेटंट हा पेच सोडवतं. शोधकाने आपली कृती जगासमोर लिहून ठेवायची, बदल्यात समाजाने त्याला ठरावीक काळ मक्तेदारी द्यायची.

मक्तेदारी फुकट येत नाही. औषध बनवायला लागतो त्याच्या कितीतरी पट भावाने विकलं जातं, आणि ज्याला खर्चापुरता भाव परवडला असता तो रुग्ण औषधाविना राहतो. अर्थतज्ज्ञ विल्यम नॉर्डहाउस यांनी 1969 मध्ये हा हिशेब सूत्रात बसवला. मुदत वाढवली की संशोधनाची ओढ वाढते, पण महाग किमतीची वर्षंही वाढतात. मध्ये कुठेतरी योग्य मुदत असते. हिशेब देखणा आहे. मात्र तो प्रत्येक शोध सुटा धरतो, आणि शोध सुटे नसतात. टॅल्बटशिवाय आर्चर नाही. पहिल्याला दिलेलं बक्षीस दुसऱ्याच्या वाटेतला टोलनाका होतो. हे नुकसान मोजणं फार अवघड, कारण जो शोध लागलाच नाही तो कुठल्याच आकडेवारीत दिसत नाही.

छायाचित्रणाच्या कथेवरून थेट निष्कर्ष काढायचा मोह होतो, पण तो आवरायला हवा. टॅल्बटच्या कागदावर तंतूंमुळे चित्र काहीसं पुसट येई, दागेरच्या पत्र्यावर केस न् केस दिसे. इंग्लंडमध्ये टॅल्बटचं तंत्र मागे पडलं त्यात पेटंटचा वाटा किती आणि या पुसटपणाचा किती, हे एका उदाहरणावरून वेगळं काढता येत नाही. शिवाय पेटंट सहसा मोलाच्या शोधांवर घेतलं जातं आणि मोलाच्या शोधांमागे लोक तसेही लागतात. म्हणून पेटंट असलेल्या आणि नसलेल्या शोधांची सरळ तुलना फसवी ठरते.

आल्बेर्तो गलासो आणि मार्क शँकरमन या अर्थतज्ज्ञांनी यावर फार सुंदर तोड काढली. अमेरिकेत पेटंटविषयक अपिलं एकाच विशेष न्यायालयात जातात आणि तिथे तीन न्यायाधीशांचं पीठ संगणक ठरवतो. काही न्यायाधीशांचा कल पेटंट रद्द करण्याकडे असतो, काहींचा टिकवण्याकडे. म्हणजे कुठलं पेटंट टिकणार आणि कुठलं जाणार, यात थोडा भाग निव्वळ योगायोगाचा. प्रयोगशाळेत चिठ्ठ्या टाकून गट पाडतात तशीच ही विभागणी झाली. रद्द झालेल्या पेटंटचा आधार घेऊन पुढे किती नवी पेटंटं आली, हे त्यांनी तपासलं. सरासरी वाढ सुमारे 50 टक्के निघाली! पण हा परिणाम सगळीकडे सारखा नव्हता. तो संगणक, इलेक्ट्रॉनिक्स आणि वैद्यकीय उपकरणांमध्ये एकवटला होता, त्यातही पेटंट मोठ्या कंपनीचं आणि पुढचं काम करणारे छोटे असतील तिथे. औषधांमध्ये तो दिसलाच नाही.

हा फरक का पडत असावा? औषध म्हणजे बहुधा एक रेणू, त्याची रचना कागदावर नेमकी काढता येते, आणि एका औषधावर मोजकी पेटंटं असतात. कुणाची हद्द कुठे संपते हे सगळ्यांना दिसतं आणि परवान्याची बोलणी होऊ शकतात. एका स्मार्टफोनमध्ये मात्र हजारो पेटंटं गुंतलेली असतात. सॉफ्टवेअरच्या पेटंटमध्ये कशावर हक्क सांगितला आहे त्याची भाषा इतकी सैल असते की आपण कुणाच्या हद्दीत शिरलो, हे नोटीस आल्यावरच कळतं. कारखानदारांना विचारलेल्या पाहण्यांमधूनही हेच पुढे आलं. औषध उद्योग पेटंटला जीव की प्राण मानतो, तर बहुतेक इतर उद्योग गुप्तता आणि बाजारात आधी पोचण्यावर जास्त भिस्त ठेवतात.

आणि तरीही ‘पेटंट पुढची वाट अडवतं’ हा सार्वत्रिक नियम नाही. मानवी जनुकांवरच्या पेटंटबद्दल सगळ्यांनाच तशी धास्ती होती. भावेन संपत आणि हायडी विल्यम्स या अर्थतज्ज्ञांनी पेटंटचे अर्ज मंजूर झालेल्या आणि फेटाळल्या गेलेल्या जनुकांची तुलना केली. त्यांच्यावरच्या पुढच्या संशोधनात त्यांना म्हणण्यासारखा फरक आढळला नाही.

पेटंटमुळे शोध वाढतात की घटतात, या प्रश्नावर इतकी वर्षं वाद होतो. मला वाटतं, शोध कुठल्या दिशेने जातात, हा प्रश्न त्याहून मोठा आहे आणि त्याची चर्चा फार कमी होते.

आर्थिक इतिहासकार पेट्रा मोझर यांनी 1851 च्या लंडनमधल्या आणि 1876 च्या फिलाडेल्फियातल्या जागतिक प्रदर्शनांच्या याद्या चाळल्या. 1851 मधल्या ब्रिटिश वस्तूंपैकी जेमतेम 11 टक्के पेटंट घेतलेल्या होत्या. उरलेले शोध पेटंटविनाच जगासमोर आले होते. स्वित्झर्लंडमध्ये 1888 पर्यंत पेटंट कायदा धडपणे नव्हताच, आणि नेदरलँड्सने 1869 मध्ये होता तो रद्द करून 1912 पर्यंत त्याविना कारभार केला. या देशांत शोध थांबले नव्हते, ते वेगळ्या क्षेत्रांत लागत होते. घड्याळं, वैज्ञानिक उपकरणं, खाद्यप्रक्रिया अशा, जिथे कृती लपवून ठेवता येते किंवा नक्कल सहजी जमत नाही, त्या कामांकडे हुशार माणसं वळली. यंत्र उघडलं की त्याचं गुपित बाहेर पडतं, म्हणून यंत्रांमागे लागणं पेटंट असलेल्या देशांत परवडत असे.

आजचं उदाहरण याहून अस्वस्थ करणारं आहे. पेटंटची 20 वर्षं अर्ज केल्यापासून मोजली जातात आणि औषधाचा अर्ज रुग्णांवरच्या चाचण्यांच्या आधीच करावा लागतो. आता कर्करोगावरची दोन औषधं घेऊ. एक शेवटच्या टप्प्यातल्या रुग्णांसाठी. त्याने आयुष्य काही महिन्यांनी वाढतं का, हे थोडक्या काळात कळतं आणि विक्रीसाठी पेटंटची बरीच वर्षं हाती उरतात. दुसरं पहिल्या टप्प्यातल्या रुग्णांसाठी, किंवा रोग होऊच नये म्हणून. त्याचा गुण सिद्ध व्हायला दहा-पंधरा वर्षं जातात आणि तोवर पेटंट संपत आलेलं असतं. एरिक बुडिश, बेंजामिन रोइन आणि हायडी विल्यम्स यांनी 2015 मध्ये कर्करोगाच्या चाचण्यांची आकडेवारी मांडून हाच कल दाखवला: जिथे रुग्ण जास्त जगतात, तिथे खासगी चाचण्या कमी होतात. कुणाचा दुष्ट हेतू नसताना, निव्वळ मुदत मोजण्याच्या पद्धतीमुळे, रोग लवकर अडवणारी औषधं मागे पडतात. एखाद्या आईला वीस वर्षं अधिक देऊ शकलं असतं असं औषध चाचणीपर्यंत पोचतच नाही, आणि ते नव्हतं म्हणून कुणी तक्रारही करत नाही. पेटंटच्या अर्थशास्त्रात मला सगळ्यात जास्त छळणारी गोष्ट हीच आहे.

यावर करण्यासारखं बरंच आहे. रुग्ण किती वर्षं जगला याची वाट न पाहता रक्तातल्या एखाद्या भरवशाच्या खुणेवरून औषधाला मान्यता देता येते. रक्ताच्या कर्करोगांमध्ये अशी सोय आहे आणि तिथे हा कल सौम्य दिसतो. संरक्षणाची मुदत विक्री सुरू झाल्यापासून मोजता येईल. बक्षिसाचा मार्गही आहे. सरकारने पेटंट विकत घेऊन खुलं करावं, ही कल्पना अर्थतज्ज्ञ मायकेल क्रेमर यांनी 1998 मध्ये दागेरचाच दाखला देऊन मांडली. आगाऊ खरेदीची हमी हा त्यातलाच प्रकार: 2009 मध्ये गरीब देशांतल्या मुलांसाठी न्यूमोकोकल (न्यूमोनियासारख्या आजारांवरच्या) लसीकरिता काही सरकारं आणि गेट्स फाउंडेशन यांनी मिळून दीड अब्ज डॉलर बाजूला ठेवले आणि ठरलेल्या किमतीला लस पुरवणाऱ्या कंपन्यांना ते मिळतील अशी व्यवस्था केली. बक्षीस किती ठेवायचं हे आधी ठरवणं मात्र कठीण असतं. काय शोधायचं आहे हे ठाऊक असेल तिथेच हा मार्ग चालतो. ज्याची कुणी कल्पनाच केलेली नाही त्या शोधासाठी बक्षीस जाहीर करता येत नाही.

सगळ्यात साधी सुधारणा पेटंट कार्यालयातच होऊ शकते. अमेरिकेत एक परीक्षक एका अर्जावर सरासरी सुमारे 19 तास घालवतो. तेवढ्यात त्याला अर्ज वाचायचा असतो, जगभरातलं जुनं साहित्य धुंडाळायचं असतं, आणि ही गोष्ट खरोखर नवी आहे का ते ठरवायचं असतं. त्याला वेळ कमी दिला की अर्ज मंजूर होण्याचं प्रमाण वाढतं, असं अभ्यासांतून दिसलं आहे. यातून निसटलेलं एक पोकळ पेटंट पुढे न्यायालयात रद्द करून घ्यायचं तर खर्च लाखो डॉलरांत जातो, आणि छोटी कंपनी लढण्याऐवजी तो विषयच सोडून देते. परीक्षकाला आणखी काही तास देणं त्या मानाने किती स्वस्त! शिवाय बऱ्याच देशांत पेटंट जिवंत ठेवायला ठरावीक काळाने शुल्क भरावं लागतं आणि ते वयानुसार चढत जातं, त्यामुळे मालकालाच उपयोग न उरलेली पेटंटं मुदतीआधी गळून पडतात. हे शुल्क शेवटच्या वर्षांत आणखी चढं ठेवलं, तर नुसती वाट अडवण्यासाठी पेटंट धरून बसणं महाग पडेल, आणि त्यासाठी कुणा न्यायाधीशाची गरज लागणार नाही.